समोरची नळी

रामबागेतल्या लॅबचं शटर
मी सहाला अर्धंच वर करते.
आधी चपला आत येतात,
मग उपाशी पोटं,
मग बाह्या वर सारत नावं :
जोसफ, बर्वे, कुरेशी, पाटीदार.

यंत्राला आठ खळगे आहेत.
एक नळी ठेवली की बरोबर समोर दुसरी ठेवायची,
तेवढ्याच वजनाची.
रक्त नसेल तर पाणी भरायचं.
विसरलं तर यंत्र टेबलावर चालू लागतं.
गेल्या दिवाळीत पार कडेपर्यंत गेलं होतं,
मी पोटाने अडवलं.

पलक नवी आहे. झाकणाला कान लावून विचारते,
दीदी, लाल पेशींना बाहेर कोण ढकलतं?
तिचा प्रश्न हिंदीत, माझं उत्तर मराठीत,
दोन्हींची खिचडी करून मी वाढते :
कोणीच नाही.

पेशी आपली सरळ चाललेली असते.
वळते ती नळी.
भोवतीचा द्राव पेशीला वळवायला अपुरा पडतो
म्हणून ती तळापर्यंत पोचते,
आणि तळाची काच दर क्षणी आडवी येऊन
तिला आत रेटते, आत, आणखी आत.
खरं बल एवढंच,
त्याचं तोंड मधल्या दांड्याकडे.
बाहेरचं ओढणं जाणवतं ते नळीत बसलेल्याला.
त्याला वाटतं, मी तर जागचा हललो नाही.
त्याचं गणितही सुटतं,
फक्त तो ओढणारा
बाहेर उभं राहून शोधला तर सापडत नाही.

आठवीत गर्दे सरांनी
दोऱ्याला खोडरबर बांधून गरगर फिरवलं
आणि विचारलं, सोडलं तर कुठे जाईल?
छत्तीस बोटं, सगळी सरांपासून उलट दिशेला.
रबर गेलं भलतीकडे, पाण्याच्या माठात.
वर्ग हसून लोळला.
सर म्हणाले, सुटलेलं पाठ फिरवून जात नाही.
सुटताना तोंड जिकडे होतं तिकडे जातं.
लिहा, स्पर्शिका.
मी स्पर्शीका लिहिलं. अर्धा गुण गेला.

हृषीकेश कोईमतूरला, पंपांच्या कारखान्यात.
सात वर्षं झाली.
आई म्हणते, त्याला बाहेरचं वारं लागलं.
पगाराने ओढला, वहिनीने ओढला,
तिकडच्या समुद्राने ओढला
(कोईमतूरला समुद्र नाही, हे मी तिला सांगितलेलं नाही).
मी पोळीला तूप लावत ऐकते.
आई नळीतून बोलते,
तिचं गणित सुटतं.

मी पाहिलं ते एवढंच :
दुकानाची किल्ली त्याच्या उशाशी,
साडेआठच्या आत घरी,
काकांनी आणलेलं स्थळ,
रोज थोडं थोडं आत.
मग बाबा गेले. दोरा ज्या हातात होता तो हात गेला,
आणि तो चालत होता तसाच चालत राहिला.
रागाने नाही.
गाडी सुटताना त्याने कपाळावर हात मारून घेतला,
लवंग सेवेचं पाकीट घरीच राहिलं म्हणून.

आज सातला आई आली.
शीर सापडेना, दोनदा टोचलं.
परक्यांची बरी सापडते तुला, ती म्हणाली.
पिवळं झाकण, तिचं नाव माझ्या अक्षरात.
घाई होती तिला, आणि बाकीचे नमुने अजून गोठायचे होते.
समोरचा खळगा रिकामा.

मी पाणी भरलं,
दोन्ही नळ्या डोळ्यांसमोर धरून पातळी जुळवली.
एक थेंब जास्त होता, काढला.
पलक पेन उघडून उभी, यावर काय लिहू?
काही नाही, म्हटलं, पाण्याला नाव लागत नाही.
तिची पाठ वळली तेव्हा
मी एक हृ काढून पाहिला.
ओल्या काचेवर शाई धरत नाहीच.

झाकण लावलं. दहा मिनिटं.
टेबल हललं नाही.