सप्रेम भेट

भंगार बाजारात तो डबा मिळाला तेव्हा
झाकणावर कोरलेलं होतं :
चि. सौ. कां. हेमलता हिस सप्रेम भेट, मामाकडून, १९७४.
चाळीस रुपयांत डबा घेतला
आणि नाव फुकट.

घरून निघताना लेकींना भांडी देतात.
मला नुसतं दार दाखवलं.
म्हणून कुण्या अनोळखी मामाचं हे प्रेम
मी आपल्या नावावर जमा करून टाकलं.

दौलतगंजात जिन्याखाली माझं मशीन.
फॉल, पिको, उसवलेले ब्लाउज.
गिऱ्हाइकं साडी देतात, बोटाला बोट लागू देत नाहीत.

त्या जानेवारीत आतडं फुटलं.
धुकं असं की किल्लाच कुणी उचलून नेलेला.
इस्पितळात विचारलं, बायकांचा वॉर्ड की पुरुषांचा?
मी कण्हत होते.
झमरूद म्हणाली, दुखणाऱ्यांचा.

शेवटी व्हरांड्यात खाट पडली.
चार शाली, दोन सुतळ्या : भिंत तयार.

रक्त हवं होतं.
सहाजणींनी बाह्या वर केल्या.
खिडकीतला माणूस कागदावरची नजर न काढता म्हणाला,
तुमचं चालत नाही.
फुलवा रडली नाही. टाळीही वाजवली नाही.
सरळ रिक्षा स्टँडवर गेली आणि एकेकाला धरलं :
तुझ्या लेकीच्या वेळी बधाईचे अर्धे सोडले होते,
उरलेले आज दे.
तिघं आले.
एकाच्या पोटात सकाळपासून काही नव्हतं,
त्याला आधी बेडई खाऊ घातली.

एकवीस दिवस.
खाटेखाली कोण झोपणार याच्या पाळ्या,
पाळ्यांवरून भांडणं.
रेशममौसी सत्तरीची, गुडघे गेलेले,
तरी तिनं दुसऱ्यांच्या दोन पाळ्या चोरल्या.
डब्यातून पातळ खिचडी यायची
आणि मी म्हणे झोपेतसुद्धा
झाकणावर बोट फिरवत राहायचे, अक्षरावरून अक्षर.

हे त्या बघत होत्या. मला पत्ता नाही.

खोलीवर परतले तर फळीवर नवं पातेलं.
त्यांच्यात एकीलाही मराठी येत नाही.
गल्लीतल्या निवृत्त सबनीस बाईंना गाठून
'तुमच्यात भांड्यावर काय लिहितात' विचारलं,
चिठ्ठीवर उतरवून आणलं.
कोरणाऱ्यानं मशीन थांबवलं म्हणे :
कुमारी लिहू की सौभाग्यवती?
सगळ्या गप्प.
मग मौसी : लिख, हमारी.

तर असं आहे ते :
हमारी हेमलता हीस सप्रेम भेट.
खाली सात नावं, दाटीवाटीनं.
फुलवाला जागाच उरली नाही,
ती काठावर चढून बसलीय.

मामाच्या डब्यात आता मी बटणं ठेवते.

'हिस'ची वेलांटी चुकलीय, दिसतं मला.
दिवसभर लोकांचं उसवलेलं नीट करणारी मी,
हे एवढं मात्र
हात लावणार नाही.