खैरतळं, घरं अकरा

रेवदंड्याची एसटी फाट्यावर सोडते.
पुढे खाजण, मग बांध, मग टेकाड;
तळं दिसेपर्यंत वाडी दिसत नाही.

अकरा झोपड्या.
दहा दारांना आडव्या काटक्या,
माणसं दिवाळी होताच वीटभट्टीवर,
कुणी भिवंडीला, कुणी पार घाटावर.
अकरावीच्या उंबऱ्यात ठमी हिलम
चिंबोऱ्यांच्या नांग्या गवतानं बांधत बसलेली.

मी फॉर्म काढला.
तिनं एकेका बंद दाराकडे बोट करून
माणसं सांगितली:
कडेवरची, पोटातली,
आणि गेल्या पावसात पान लागून गेलेला जान्या.
‘त्याला पण लिव. घर त्यानंच शाकारलं.’

‘किती वर्षं राहता इथे?’

ती तळ्याकडे बघत राहिली.
‘त्या अंगाला खैर होते.
आमचा आजा कात काढायचा,
रातभर मडकी रटरटायची,
पहाटे पोरांचे पाय सुद्धा लाल.
मग खाकीवाले आले.
झाडांवर आकडे घातले, मडकी फोडली.
झाडं मोजून मोजून संपली,
तवापासून आम्हाला मोजतात.’

रकाना दोन बोटांचा.
मी ‘पूर्वापार’ लिहिलं
आणि खाली तिचा अंगठा घेतला.

निघताना तिनं एक चिंबोरी दिली,
पैसे नको म्हणाली, नावं नीट लिव म्हणाली.

बांधावरून चालताना
माझ्याही अंगठ्याला शाई,
आणि पिशवीत कागदांना खेटून
काहीतरी खरवडत होतं,
फाट्यापर्यंत.