दुसरं रीळ, तिसरं रीळ

तिचं आडनाव आमच्यातल्या कुणालाच धड म्हणता आलं नाही,
म्हणून जेलरोडच्या फिल्म सोसायटीत
ती झाली गुणीलाबाई.
स्वीडनची. लिहायची स्वतः, काढायचीही स्वतः.
सत्तेचाळीस वर्षांत नऊ सिनेमे.
त्यातले पाच आम्ही पाहिले
शाळेच्या हॉलमध्ये, पाचवीच्या बाकांवर
गुडघे कसेबसे कोंबून.

मी प्रेसमध्ये होतो, पोस्टाची तिकिटं तपासायला.
एखादा दात तुटका, एखादा रंग केसभर सरकलेला.
भिंग डोळ्याला लावून आठ तास
चूक शोधण्याचा पगार.
संध्याकाळी तेच डोळे घेऊन गुणीलाबाईकडे.

पहिल्या सिनेमात एक बाई दीपगृहाचा हिशेब लिहिते.
दीड तास लिहिते. बाहेर समुद्र गोठतो.
मधेच मनमाडकडे जाणारी मालगाडी
खिडक्या हलवत गेली,
तेव्हा क्षेमकल्याणी बाई म्हणाल्या,
चला, घडलं काहीतरी एकदाचं.

दुसऱ्याबद्दल तिकडच्या समीक्षकांनी लिहिलं: थंड.
नाशिकरोडला, एप्रिलमध्ये, वीज गेलेली असताना
याहून मोठं कौतुक
आम्हाला सुचलं नसतं.

चौथ्याचे डबे पुण्याहून एस्टीनं आले.
सुपडू अहिरराव, आमचा ऑपरेटर, अंगात ताप,
त्यानं दुसऱ्याच्या जागी तिसरं रीळ चढवलं.
म्हणजे बाप आधी पुरला गेला
आणि मग घरी येऊन जेवायला बसला.
कुणी हूं की चूं केलं नाही.
परदेशी सिनेमा, असेल त्यांच्यात तसं.
बाप मीठ मागतो.
मुलगी त्याच्याकडे न बघता मीठ पुढे सरकवते.
मागच्या बाकावर कुणीतरी नाक ओढलं,
एरवी त्या जागी जांभया ऐकू यायच्या.

रात्री रिळं गुंडाळताना डब्यावरचे आकडे दिसले.
मलाच दिसणार, दुसऱ्या कुणाला?
सुपडू कपाळाला हात लावून खाली बसला.
मी पत्र लिहिलं, इंग्रजीत, तीनदा खोडून:
बाई, तुमचा सिनेमा आम्ही उलटा दाखवला, क्षमस्व.
आणि खाली, न राहवून:
तसाच बरा वाटला.

पाच महिन्यांनी कार्ड.
सवयीनं तिकीट आधी पाहिलं. छपाईत खोट नव्हती.
मग मजकूर:
"मी लिहिला तेव्हा बाप आधीच मरत होता.
निर्माता म्हणाला, लोकांना कळणार नाही.
तुमच्या ऑपरेटरला सांगा,
पटकथा त्यानं बरोबर वाचली."

सुपडूला इंग्रजी येत नव्हतं.
मी वाचून दाखवलं, त्यानं पुन्हा वाचायला लावलं,
मग कार्ड केबिनमध्ये फ्यूजच्या शेजारी खोचलं.

पुढे तिला कुणी पैसे देईना.
सात वर्षं काही नाही.
मग साबणाची जाहिरात,
मग टीव्हीवर मुलांची मालिका,
होडी चालवणाऱ्या बोक्याची.
तीही म्हणे तिनं मन लावून लिहिली.
आम्हाला हे सगळं उशिरा कळायचं, तुटक,
फेडरेशनच्या अंकात चौथ्या पानावर.
इकडे शाळेनं भाडं वाढवलं,
सभासद बावन्नाचे नऊ झाले,
प्रोजेक्टर देवळालीच्या भंगारात गेला.
लेन्स तेवढी सुपडूनं काढून घेतली.
काय करणार होता तिचं, विचारलं नाही.

शेवटचा सिनेमा तिनं अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी केला.
मी पाहिला भाचीच्या लॅपटॉपवर, गंगापूर रोडला,
भांड्यांचा आवाज चालू असताना.
एक म्हातारी. टेबल. समोर रिकामी खुर्ची.
ती मीठ पुढे सरकवते
आणि हात तिथंच ठेवते.

मी तिथंच थांबवला. सुपडूला फोन लावला.
तो आता मुलाकडे, सटाण्याला. कानानं कमी.
ओरडून सांगितलं: मीठ! गुणीलाबाईंचं मीठ!
बराच वेळ काही नाही.
मग, कितवं रीळ?
म्हटलं, रिळं नसतात रे आता.
मग चुकायचं कसं, सुपडू म्हणाला,
आणि पलीकडे कुणीतरी
त्याला जेवायला हाक मारली.