ओष्ठ्य

सत्तेचाळिसाव्या भागात, जाहिरातीच्या जरा आधी
इशिका रडते. तिच्या डाव्या खांद्यामागून
दोन धूसर ब्लेझर जातात.
त्यातला बुटका माझा.

बार्शी रोडची ती शाळा. तिथल्या एका पोराची फी
म्हणजे आमच्या क्लासचा अख्खा बाक.
मे महिन्यात शूटिंगला दिलेली.
आम्हाला टेम्पोतून नेलं,
रोजचे साडेतीनशे आणि पोहे.
पोरांनी ते पैसे टेम्पोतच खर्चून टाकले.

ब्लेझर लोकरी. लातूर बेचाळीस अंश.
माझ्या बाहीला सेफ्टी पिन, त्याच्या खिशावर
कुणा आर्यमानच्या नावाची पट्टी.
तो नागनाथ. देवणीचा. रिपीटर.
वर्षभर मागच्या बाकावर बसून
एकदाच बोललेला: "खोडरबर हाय का?"

असिस्टंट ओरडला, चालत जा, गप्पा मारा,
मैत्री दिसली पाहिजे!
आवाज मात्र नको. फक्त ओठ.

मी हायड्रोजनपासून सुरू केलं.
हेलियम, लिथियम, बेरिलियम,
सोडियमपाशी कुंडी आली की वळायचं.
पुन्हा हायड्रोजन.
सात टेक झाले. इशिकाला रडू येत नव्हतं,
डोळ्यांत काहीतरी घालत होते तिच्या.

सहाव्याला नागनाथ काहीतरी म्हणाला.
माझ्याकडे बघून. हसला नाही.
मी "काय?" म्हटलं, तेही बिनआवाजी,
तेवढ्यात कट.

संध्याकाळी ब्लेझर मोजून घेतले.
एक कमी भरला म्हणून सगळ्यांना थांबवलं.
तो रांगेत माझ्या पुढे,
मानेवर लोकरीचं पुरळ.
विचारता आलं असतं.
मी पोह्यांचा रिकामा कागद घडी घालत राहिले.

निकालानंतर तो क्लासला दिसला नाही.
यंदा मी रिपीटर.

रूममेट म्हणते, काहून बघतीस गं तेच ते?
नेमका सहावाच टेक ठेवलाय त्यांनी.
वेग पाव करून बघते.
ओठ दोनदा मिटतात त्याचे.
म्हणजे प, फ, ब, भ, म यांतलं काही.
सातवीतलं एवढंच व्याकरण उरलंय माझ्याजवळ.
"पाणी मिळंल का" असेल.
"बूट बारीक झालेत" असेल, लंगडत होता खरा.
"मला"नं सुरू होणारंही असू शकतं.

पुढं इशिका मान फिरवते
आणि उरलेलं वाक्य
तिच्या केसांमागं जातं.