थर्माकोल धरणारा

आडनाव काळोखे आणि धंदा उजेडाचा,
यावर हसून झालंय आमचं
बावीस वर्षांपूर्वीच, सातपूरच्या एका मंगल कार्यालयात.
मुकुंद लग्नाचा व्हिडिओ काढत होता
आणि मी हॅलोजन उंच धरून उभा,
अक्षता माझ्या शर्टात.

त्याचे वडील नाशिकरोडच्या प्रेसमध्ये.
कोऱ्या नोटांचे ताव उजेडाकडे धरून
चुकलेली रेघ शोधायची, दिवसभर.
घरी आले की डोळ्यांवर ओला रुमाल टाकून पडायचे.
पगार न मोजता आईच्या हातात.
नजर तिथली. बाकी सगळं उधारीवर:
कॅमेरा भाड्याचा, लेन्स दुसऱ्याची,
गाडी माझ्या मेहुण्याची, डिझेल कोणाचं ते अजून ठरायचंय.

अकरा सिनेमे.
पाच डब्यातच राहिले.
दोन परदेशात फिरून आले, आम्हाला न घेता.
एकानं पैशांऐवजी द्राक्षांच्या पेट्या दिल्या,
पिंपळगावच्या, एक्स्पोर्टला नाकारलेल्या.
पण गंगापूर धरणावरचं ते धुकं,
ज्यात नावाडी आधी ऐकू येतो, मग दिसतो,
ते मुकुंदचं.
त्यात मी मांडीपर्यंत पाण्यात होतो,
हेही लिहून ठेवा कुठेतरी.

लोक म्हणायचे, गोष्ट राहू द्या, फोटोग्राफी छान होती.
तो गप्प व्हायचा.
जेवून उठताना कोणी म्हणावं, ताट छान घासलं होतं, तसं.

मग गेल्या माघात त्यानं स्वतःचा सिनेमा मांडला.
तांबट आळी. नवरा गेल्यावर
एक बाई त्याचा हातोडा उचलते, एवढंच.
कॅमेऱ्यामागे गांगुर्ड्यांची प्रज्ञा, सव्वीस वर्षांची.
पहिल्याच दिवशी म्हणाली,
सर, डोळा काढा ना, मला बघायचंय.
तो बाजूला झाला. हात कुठे ठेवावेत कळेना,
शेवटी माझा चहाचा कप धरला.

हंसाताई ऐरणीपाशी बसल्या. विचारलं, मी आता काय करू?
सवयीनं म्हणाला, वीतभर डावीकडे सरका, तिथे ऊन आहे.
"उन्हाचं नाही विचारलं. ही बाई काय करतेय?"

शूटिंगसाठी आळीतले सगळे ठोके थांबवले होते, पैसे देऊन.
कबुतरांनासुद्धा चुकल्यासारखं झालं असावं.
मुकुंद तिच्यापाशी उकिडवा बसला.
काय बोलला ते मला ऐकू आलं नाही.
दोन्ही हातांत काहीतरी धरून
उजेडाकडे नेल्यासारखं केलं,
बराच वेळ पाहिलं,
आणि खाली ठेवलं.

ऊन भिंतीवर चढत होतं. प्रज्ञा माझ्याकडे बघायला लागली.
मी म्हटलं, मुकुंद, ऊन चाललं.
"जाऊ दे, कचरू."

बावीस वर्षांत हे पहिल्यांदा ऐकलं.
मी थर्माकोल भिंतीला टेकवला. खांदा दुखत होता, तेव्हा कळलं.

बाईंनी सावलीतच पहिला ठोका दिला. चुकला.
मग दुसरा.
कट म्हणायचं कोणी,
हे थोडा वेळ कोणालाच आठवेना.