प्रतिवादी क्रमांक चार

नोटीस छापील होती.
शिपायाने माझं बोट धरून
कागदाच्या गुळगुळीत कोपऱ्यावर ठेवलं : सही इथे.
रात्री फोनने वाचून दाखवली, सपाट आवाजात,
स्वल्पविराम गिळत :
कुंतला हेंब्रम विरुद्ध ओडिशा राज्य आणि इतर.
इतरांत चौथा मी.
अक्रूर पाढी, कनिष्ठ लिपिक, कोषागार, कटक.

कुंतला.
अंधशाळेत माझी ब्रेलची टोचणी हरवली
की स्वतःची द्यायची, आणि वर शिव्या.
महानदीच्या बंधाऱ्यावर दहीबऱ्याचा द्रोण
हातात ठेवताना सांगायची, तिखट डावीकडे आहे.

फोन तिनेच केला.
पोचली का?
पोचली.
वकील म्हणाले, तुझं नाव घालावंच लागतं.
घाल की.
मग बराच वेळ दोन्हीकडच्या पंख्यांचा आवाज.

हिशोब शाळकरी आहे.
खुल्या यादीचं दार एकशे बेचाळीसवर लागलं.
मला एकशे सत्तेचाळीस.
म्हणजे मी दारातूनच आत आलो होतो,
कुणाचा हात न धरता.
पण फायलीत कुणाला तरी माझी पांढरी काठी दिसली
आणि त्यांनी मला उचलून बाजूच्या खोलीत नेलं,
जिथे एकच स्टूल होतं.
त्यावर कुंतला बसायची होती.
एकशे एकवीस.

साहेब म्हणाले, नोकरी लागली ना?
पगार तोच. मग रकान्याचं काय घेऊन बसलात?
बसलोय खरा.
तेच तर.

आम्ही ब्रेल उजवीकडून टोचत जातो,
मग पान उलटतो, तेव्हा अक्षरं सुलटी होतात.
यांनी यादी टोचली
आणि उलटायची विसरले.

पहिल्या तारखेला बाकावर
एका बाजूला कुंतला, केसांना करंजाचं तेल.
दुसऱ्या बाजूला प्रतिवादी पाच,
खुल्या यादीतला शेवटचा, गंजामच्या शिंप्याचा मुलगा.
त्याचा गुडघा हलत होता, अख्खा बाक थरथरत होता.
ती जिंकली तर मी वर सरकणार
आणि हा खाली पडणार.
भाई, त्याने हळूच विचारलं, तुम्ही कुणाच्या बाजूने?
माझ्या वकिलाने तोच प्रश्न विचारला होता,
फी घेऊन.
त्यांना म्हणालो होतो, लिहा,
अर्जात म्हटलंय ते खरं आहे.
याला ते सांगता येईना.

पुढची तारीख पडली. सोळा.
जिन्याशी त्याने माझं मनगट धरून ओढलं,
चांगल्या मनाने, पोतं ओढावं तसं.
कुंतला मागून खेकसली,
धरू नका त्याला. कोपर द्या.
त्याने दिलं.
त्याच्या शर्टाची शिवण जाड होती, दुहेरी, घरची.
माझ्या खांद्यावर तिचा हात.
असे आम्ही तिघं उतरलो,
तो पायऱ्या मोजत,
मोठ्याने,
एकदा चुकून पुन्हा एकपासून.