मुद्रणदोष

बाईंची पुस्तिका दर मार्चला यायची,
पाठकोऱ्या हिशेबाच्या कागदांवर, जांभळ्या शाईत.
रोसारियोत तेव्हा आमचाच एक छापखाना
उधारीवर काम करी.

नेलिदा काप्लुन. अंगानं काटकुळ्या, आवाज खर्जातला.
गोदीतल्या हमालांना, शिवणकामाच्या पोरींना
मन म्हणजे काय ते सांगायच्या:
विसरलेलं कुठं जाऊन बसतं,
घसरलेली जीभ कुठल्या वाटेनं घसरली ते कसं बघावं.
चाळीस पानं, दोन पेसो. नसतील तर फुकट.
डॉक्टरांचं मंडळ म्हणालं, बाई शास्त्र पातळ करतेय.
बाई म्हणाल्या, आटवलेलं दूध तान्ह्याला कोण पाजतं?

मी खिळे जुळवायचो.
म्हणजे मी ते सगळं उलटं वाचलंय,
शिशानं काळ्या पडलेल्या बोटांनी.
खरं सांगायचं तर निम्मं डोक्यावरून गेलं.
बापाविषयीचं पटलंही नाही;
माझा बाप भला माणूस होता.

पण एक चूक पहिल्याच वर्षी दिसली.
आमच्या भाषेत एर्मानो म्हणजे भाऊ.
पुढची तीन अक्षरं गळली
(त्यातलं पहिलं तर मुकंच)
की उरतो मानो. हात.
बाई लिहायच्या, ‘थोरल्या हाताचा मत्सर.’
‘धाकट्या हाताच्या जन्मानंतर
मूल पुन्हा अंथरूण ओलं करू लागतं.’

मी काही न बोलता तीन खिळे घालायचो.
मुद्रितं त्या स्वतः तपासत,
एकेका स्वल्पविरामासाठी भांडत.
त्या शब्दापाशी आल्या की चष्मा पुसत.

सत्तावीस वर्षं.
मधली काही लष्कराची; तेव्हा गठ्ठे
कोंबड्यांच्या खुराड्याखाली पुरले होते.
अजून काही पानांना तो वास आहे.

एकदा रविवारी नदीवर दिसल्या.
पाराना फुगलेली, गढूळ, झाडंबिडं वाहून आणत होती.
मी गळ टाकून बसलेलो.
त्या पाण्याकडे पाठ करून उभ्या,
उजवी मूठ कोटाच्या खिशात.
मी विचारलं नाही.
विचारू नये, हे त्यांचंच. चौथी पुस्तिका, पान एकोणीस:
‘थांबा. माणूस आपण होऊन सांगेल.’
मासाही लागला नाही त्या दिवशी.

शेवटची पुस्तिका त्या गेल्यावर आली,
घरमालकिणीनं पिठाच्या पिशवीतून आणून दिली.
तो शब्द अकरा ठिकाणी.
दहा ठिकाणी मी सवयीनं दुरुस्त केला.
अकराव्याला, अगदी शेवटच्या पानावर, लिहिलं होतं:
‘मी नऊ वर्षांची होते. पाण्यात माझा हात सुटला.’

तीन खिळे चिमटीत धरून बसलो.
इथं चूक होती की नव्हती
ते काही केल्या ठरेना.
पोरगा दोनदा येऊन म्हणाला, यंत्र थांबलंय.

मग खिळे ज्याच्या त्याच्या खणात टाकले
आणि पान तसंच कसलं.